सालपटांचं मडकं

माझ्या नवऱ्याला मी तोंडानं कधी एकेरी हाक मारली नाही. इथं कागदावर मारणार आहे. तो आता ऐकायला नाही, आणि पानभर 'हे' नि 'यांनी' लिहीत बसले तर वाचणाऱ्याला कळायचं नाही कोण कुणाबद्दल बोलतंय. शिवाय जे सांगायचंय ते काही देव्हाऱ्यात ठेवण्यासारखं नाही. ते माझ्या हातून झालेलं आहे आणि त्याला मी ते कधी सांगितलं नाही.

लग्न होऊन मुरुमहून धाराशिवला आले तेव्हा मोगलाई होती. निजामाच्या राज्याला आम्ही सगळे मोगलाईच म्हणायचो. माहेरी आम्ही घरात कानडी बोलायचो, दुकानात गिऱ्हाइकाशी मराठी, आणि सरकारी कागद यायचा तो उर्दूत. मला वाचता कशातलंच येत नव्हतं, त्यामुळे तिन्ही भाषा माझ्या लेखी सारख्याच. सासरच्या गावाचं तर नावही दुहेरी. माणसं धाराशिव म्हणायची आणि कचेरीच्या पाटीवर उस्मानाबाद असायचं. ती पाटी कुणी लिहिली ते मला पहिल्या आठवड्यातच कळलं, कारण लिहिणारा माणूस आमच्या शेजारी राहत होता. मागच्या परसात कमरेएवढी भिंत होती, तेवढंच दोन घरांमधलं अंतर.

त्यांना सगळं गाव उस्ताद म्हणायचं. पेशानं ते कातिब, म्हणजे सुंदर अक्षर काढून देणारे. कचेरीच्या पाट्या, दुकानांच्या पाट्या, लग्नाच्या पत्रिका, मशिदीच्या कमानीवरची ओळ, थडग्याचा दगड कोरायच्या आधी त्यावर गेरूनं काढायची अक्षरं, सगळं त्यांच्याकडं. डोक्यावर काळ्या गोंड्याची लाल रूमी टोपी, चष्म्याची एक काडी मोडलेली म्हणून तिथं दोरा, आणि लिहायला बसले की एक गुडघा उभा. माझा नवरा त्यांचा शागीर्द. वकिलाकडं अर्ज लिहायचं काम मिळावं म्हणून अक्षर सुधारायला गेला होता. अर्ज राहिले बाजूला, अक्षरातच अडकला. सासूबाई येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगायच्या, "लिंगायताचं पोरगं हाय, पेढीवर बसायचं सोडून शेजारच्या सतरंजीवर ठिपकं काढत बसतंय."

ते खोटं नव्हतं. कलमाचं टोक कागदावर टेकवलं की एक चौकोनी ठिपका उमटतो. तो ठिपका म्हणजे त्यांचा गज. उभी रेघ इतके ठिपके उंच, आडवी इतके ठिपके लांब, पोट इतके ठिपके खोल. माझ्या नवऱ्यानं पहिलं वर्षभर नुसते ठिपके काढले. घरी आल्यावर भाकरीकडंही तो असा बघायचा की मला वाटायचं आता हिचंही माप काढणार.

उस्तादांच्या बायकोला आम्ही खाला म्हणायचो. त्यांना मूलबाळ नव्हतं. ती उंच होती, बोलायला कडक, आणि तिच्या घरात काही सांडलेलं, पडलेलं मी कधी पाहिलं नाही. उस्ताद बोरूच्या कलमानं लिहायचे. चार-सहा ओळी झाल्या की टोक बोथट व्हायचं, मग ते छोट्या चाकूनं पुन्हा कापायचे. 'टक्' असा कोरडा आवाज यायचा. दुपारी स्वयंपाकघर आवरून मी भिंतीला टेकले की पलीकडून तो आवाज ऐकू येई, थोड्या थोड्या वेळानं, आणि मला गुंगी येई. लिहिणं आटोपलं की खाला सतरंजीवर बसून पडलेली सालपटं बोटांनी एक-एक वेचायची. झाडू नाही लावायची. वेचून कोपऱ्यातल्या मडक्यात टाकायची आणि वर झाकणी ठेवायची.

एकदा मी भिंतीवरून विचारलं, "खाला, जळण एवढं महाग झालंय का?"

ती हसली नाही. म्हणाली, "हे रोजच्या चुलीचं न्हाई बेटी. उस्तादांच्या आखरी गुस्लचं हाय. माणूस गेल्यावर जी अंघोळ घालतेत, ती. ते पाणी ह्याच्यावर तापायचं."

मग उस्तादांनीच आतून सांगितलं. त्यांचे गुरू हैद्राबादेत होते आणि त्या गुरूंचे गुरू तुर्कस्तानातून आलेले. तिकडचे मोठमोठे लिहिणारे आयुष्यभर कलमांची सालपटं जपून ठेवत, आणि मेल्यावर त्यांच्या अंघोळीचं पाणी त्यावरच तापवलं जाई. "ज्यानं जितकं लिव्हलं तितकं त्याचं पाणी तापणार," ते म्हणाले. "आळशी माणसाला गार पाण्यानं जावं लागंल." हे ते माझ्या नवऱ्याकडं बघत म्हणाले आणि तो लगेच ठिपके काढायला लागला.

मला ते विचित्र वाटलं नाही. आमच्यातही माणसाला जाळत नाहीत, अंघोळ घालून, विभूती लावून, बसवून माती देतात. शेवटची अंघोळ काय असते ते मला माहीत होतं. हे मी मुद्दाम लिहून ठेवते. नंतर जे झालं ते मला कळत नव्हतं म्हणून झालं नाही.

उस्तादांच्या भिंतीवर काचेत बसवलेला एक कागद होता. त्यांच्या गुरूंना तुर्कस्तानातून आलेला आणि गुरूंनी यांना दिलेला. त्यावर एकच ओळ, पण अशी गुंफलेली की माझा नवरा तासन्‌तास तिच्यासमोर उभा राही. उस्ताद सांगायचे की आता त्या देशातल्या पोरांना ही ओळ वाचताच येत नाही. तिकडं नवं राज्य आलं, नवा देश उभा राहिला आणि एक दिवस हुकूम निघाला की आजपासून जुनी अक्षरं बंद, साहेबाच्या वळणाची अक्षरं सुरू. पाट्या, पुस्तकं, शाळा, सगळं. ती बातमी पेपरात आली त्या दिवशी उस्ताद जेवले नव्हते, असं खाला सांगायची. "जिथून अक्षर आमच्याकडं आलं, तिथंच ते परकं झालं," असं ते म्हणायचे. मला त्यात रडण्यासारखं काय आहे ते कळत नसे. मला तर माझ्या स्वतःच्या गावची पाटी वाचता येत नव्हती, तुर्कांच्या अक्षराचं दुःख मी कुठं ठेवू?

कलमांची एक लाकडी पेटी होती, कलमदान. त्यात वीसेक कलमं, काही गुरूंची, काही त्यांची. त्यांच्यात रीत अशी की उस्तादाच्या माघारी कलमं ज्याच्याकडं जातील तो खरा शागीर्द. बाकीचे नुसते शिकून गेलेले. माझ्या नवऱ्याला ती मिळणार असं उस्तादांनी एकदा चहा पिता पिता सांगून टाकलं होतं. त्या दिवशी घरी येऊन तो दोनदा जेवला.

सत्तेचाळीस साल उजाडलं, देश स्वतंत्र झाला आणि आम्ही मोगलाईतच राहिलो. माझा नवरा सरहद्दीपलीकडच्या कॅम्पात गेला. निजामाच्या राज्याविरुद्ध लढणारी पोरं तिथं जमत होती. जायच्या आधी तो निरोप घ्यायला उस्तादांकडं गेला आणि मग मला सांगितलं. हा क्रम मी विसरलेले नाही. आधी उस्ताद, मग बायको. उस्तादांनी त्याला काय सांगितलं म्हणून विचारलं तर म्हणाला, "जा म्हनले. पन मनगट सांभाळ म्हनले."

तो गेल्यावर वर्षभर मी आणि सासूबाई दोघीच. त्याच वर्षात मुरुमला माझ्या भावाचं धान्याचं दुकान जाळलं. खाकी कपड्यातली टोळी होती, राज्य राखायला निघालेली. भाऊ आत तराजू आणायला गेला आणि भाजला. तीन आठवडे जगला. माझ्याहून दोन वर्षांनी लहान होता. मी माहेराहून परत आले त्या दिवशी खाला माझ्याजवळ येऊन बसली, माझे केस विंचरून दिले आणि गेली.

पुढं काही दिवसांनी बाजारात एका भिंतीवर जाहिरात चिकटवलेली पाहिली. कुणीतरी म्हणालं, त्या टोळीवाल्यांच्या सभेची आहे. मला वाचता येत नव्हतं, पण हात ओळखता येत होता. ते पोट, ती उभी रेघ, तो ठिपका. मी वर्षानुवर्षं ते बघत होते. माझ्या भावाला जाळणाऱ्यांच्या सभेचं बोलावणं उस्तादांनी लिहिलं होतं, आणि काय सुंदर लिहिलं होतं. मी घरी आले आणि खालाला भिंतीवरून विचारलं. ती म्हणाली, "बंदूक घेऊन आल्ते. न लिवून जाणार कुठं? लिवताना तेंचा हात कापत व्हता." मला त्या अक्षरात कुठं कापलेलं दिसलं नव्हतं. मी आत निघून आले.

अठ्ठेचाळीसच्या भाद्रपदात हिंदुस्थानची फौज आली. चार-पाच दिवसांत निजामाचं राज्य आटोपलं. गावात पेढे वाटले आणि त्याच गावात काही आळ्यांतून धूर निघाला. मुसलमान घरांची दारं बंद झाली. कुणी गेलं, कुणी लपलं, कुणी सापडलं. दुसऱ्या दिवशी सकाळी खाला भिंतीशी आली. बेंबळीच्या एका शेतकऱ्यानं बैलगाडी पाठवली होती. त्याच्या लेकीच्या लग्नाची पत्रिका उस्तादांनी लिहिली होती, तेवढी ओळख. कडब्याखाली लपून दोघं जाणार होती.

तिनं मडकं भिंतीवर ठेवलं. "हे गाडीत नेता येत न्हाई," ती म्हणाली. "वाटंत कुणी गाडी थांबीवली तर पहिलं हेच पालथं करतेल. कलमदान मी पोटाशी बांधते. हे तू ठेव. तुला ठाव हाय हे काय हाय."

मी म्हणाले, "ठाव हाय."

"दुसरं कायबी लुटलं तरी चालंल," ती म्हणाली आणि गेली.

पंधरा-वीस दिवसांनी माझा नवरा आला. पुढं एक पोरगा धावत सांगायला आला की येशीपाशी आलेत, लोक हार घालतायत, मिरवत आणतील. सासूबाई ओवाळणीच्या तयारीला लागल्या आणि मला म्हणाल्या, पाणी ठेव. तेरा महिन्यांनी माणूस घरी येतोय, अंगाला वास येतोय, त्याला आधी कढत पाण्यानं न्हाऊ घालायला हवं. पावसाळा अजून सरला नव्हता. गोवऱ्या ओल्या, तुराट्या ओल्या. मी फुंकून फुंकून डोळे लाल करून घेतले, नुसता धूर. बाहेर ताशांचा आवाज जवळ येत होता.

मडकं न्हाणीतच होतं, कोरड्या फळीवर, मीच जपून ठेवलेलं. मी एक मूठ घेतली. पेटवायला फक्त, असं मनात म्हणाले. सालपटांनी लगेच जाळ धरला, वर्षानुवर्षांची वाळलेली. मग विझायला लागलं म्हणून दुसरी मूठ. तिसऱ्या मुठीला मला भिंतीवरची जाहिरात आठवली. त्यानंतर मी मोजलं नाही. हात घालत गेले आणि टाकत गेले. मनात एकच, जळू दे. माझा भाऊ जळला, हे जळू दे. मडक्याच्या तळाला बोटं लागली तेव्हा मी थांबले, आणि तेव्हा माझ्या लक्षात आलं की पाणी उकळतंय.

नवऱ्यानं त्या पाण्यानं अंघोळ केली. पंचा गुंडाळून बाहेर आला आणि हात नाकाशी नेऊन म्हणाला, "पान्याला उस्तादांच्या खोलीचा वास येतोय." मी त्याच्या कपाळाला विभूती लावली. मेलेल्या माणसाच्या पाण्यानं मी जिवंत माणसाला न्हाऊ घातलं होतं, आणि तेही घरी आल्या आल्या. पुढं कितीतरी वर्षं त्याला साधा ताप आला तरी मी रात्रभर उशाशी बसून राहायची. त्याला काही झालं नाही. तो म्हातारा होऊन मेला. पण हे मला आधी कुणी सांगितलं असतं तर बरं झालं असतं.

उस्ताद दसऱ्याच्या आसपास परत आले, त्याच बैलगाडीतून, पण आता वर झोपून. ताप मुरला होता, छातीत कफ. खाला मडकं मागायला आली नाही. आजारी माणसाच्या उशाशी ते कोण नेऊन ठेवणार? ती फक्त भिंतीवरून म्हणाली, "हाय ना नीट?" आणि मी म्हणाले, "हाय." ते खोटं इतकं सहज तोंडातून निघालं की मला वाटलं, उद्या खरं सांगू.

त्याच दिवसांत गावच्या पाट्या बदलायचं ठरलं. सगळीकडं मराठी पाट्या हव्या होत्या, आणि मोठं ठसठशीत अक्षर काढणारा सगळ्या गावात एकच, माझा नवरा. कॅम्पातून आलेला, हार घातलेला. त्याला नाही म्हणता येईना आणि हो म्हणताना तोंड पाडून बसला. पहिलीच पाटी उस्तादांच्या हातची होती. तिच्यावर पांढरा रंग मारायचा, वाळला की काळ्यानं वर लिहायचं. तो घरी आला, भिंत ओलांडून उस्तादांकडं गेला आणि त्यांच्या खाटेशी उभा राहिला. मीही मागोमाग गेले.

उस्ताद म्हणाले, "काय लिवलंस ते दाखव."

त्यानं कागदावर बालबोध अक्षरं काढून दाखवली. उस्तादांना ती वाचता येत नव्हती. त्यांनी बराच वेळ पाहिलं आणि म्हणाले, "वरची रेघ जाड झाली. पोटं लहान, बारीक. ठिपके मोज." मग त्यांनी उशाखालचं कलम काढलं आणि झोपल्या झोपल्या, ज्या अक्षराचं नावही त्यांना माहीत नव्हतं त्याच्या बाजूला ठिपके ठेवत गेले. एक, दोन, अडीच. "इथं अडीच पाहिजे. आता बघ कशी उभी ऱ्हाते." माझा नवरा खाली बसला आणि पुन्हा काढू लागला. अक्षर खरंच उभं राहिलं. उस्ताद थकून डोळे मिटून म्हणाले, "तुर्कांनी पुसलं तवा मी लांब व्हतो. हे जवळून बघायला मिळालं. पर पुसणारा माझाच हाय, तर निदान चांगलं तरी लिवंल." खाला दाराशी उभी होती. तिचं तोंड दगडासारखं. माझ्या नवऱ्यानं ते तोंड पाहिलं आणि तेच त्याच्या डोक्यात बसलं.

आता एक खरं सांगते. पाटी पुरी झाली तेव्हा मी बाजारात जाऊन पाहिली. कॅम्पाला जायच्या आधी त्यानं मला बाराखडी थोडी शिकवली होती. मी एक-एक अक्षर जुळवलं आणि ती पाटी मला वाचता आली. या गावात येऊन इतकी वर्षं झाली होती आणि पहिल्यांदा भिंत माझ्याशी बोलली. मला इतका आनंद झाला की मी भर बाजारात पदर तोंडाशी धरून उभी राहिले. तो आनंद अजूनही माझा आहे, तो मी कुणाला परत देणार नाही. पण पांढऱ्या रंगाखाली जुनी अक्षरं फुगीर होऊन उन्हात तिरपी दिसत होती, आणि दुपारी घरी भिंतीला टेकले तर पलीकडून 'टक्' आवाज आला. उस्ताद तर चार दिवसांपासून उठून बसलेही नव्हते.

तो आवाज रोज यायला लागला. मी सासूबाईंना विचारलं, त्यांना ऐकू येत नव्हता. मग मी ठरवलं, मडकं भरायचं. ओढ्याकाठी बोरू उभे होते. मी धुणं धुवायला जाण्याच्या निमित्तानं गेले, भारा कापून आणला आणि माळवदावर वाळत घातला. नवऱ्याचा चाकू घेऊन तीन दुपारी मी सालपटं काढत बसले. बोटं कापली. बघितलं तर तळही झाकला नव्हता. एका माणसाचं आयुष्य तीन दुपारींत कसं भरणार? शेवटी सुतार आळीतून रंध्याच्या कुरळ्या ढलप्या आणल्या, त्या खाली दाबून भरल्या आणि वर माझी सालपटं पसरली. झाकणी ठेवली. वरून बघून मलाच खरं वाटलं.

त्यानंतर दोनच दिवसांनी उस्ताद गेले. सकाळची वेळ होती. जाण्याआधी ते शुद्धीत होते, माझ्या नवऱ्याचा हात धरून त्यांनी कलमदानाकडं बोट दाखवलं. माझा नवरा रडायला लागला. खालानं मान डोलावली. म्हणजे तिलाही मान्य होतं. हे मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय, त्यानंही पाहिलं असणार, पण पुढच्या घटकेनं ते त्याच्या आठवणीतून पुसून टाकलं.

अंघोळ घालायला मशिदीतला एक म्हातारा आणि दोनच माणसं उरली होती. माझ्या नवऱ्यानं विहिरीचं पाणी आणून दिलं. खालानं परसात तीन दगडांची चूल मांडली, वर पातेलं ठेवलं आणि माझ्याकडं हात पसरला. मी मडकं तिच्या हातात दिलं.

तिनं झाकणी काढली. आत हात घातला. सालपटं ओंजळीत घेऊन उजेडाकडं धरली आणि तशीच उभी राहिली. तेव्हा मला समजलं मी काय विसरले होते. उस्तादांचं कलम शाईत बुडून मग तासलं जायचं. त्यांच्या मडक्यातलं अर्धंअधिक काळं होतं, शाई पिऊन सुकलेलं. माझ्या मडक्यात एकही काळं सालपट नव्हतं. तिनं चाळीस वर्षं ती बोटांनी वेचली होती.

ती माझ्याकडं बघेल असं मला वाटलं. तिनं बघितलं नाही. ओंजळ परत मडक्यात सोडली, झाकणी ठेवली, मडकं हळूच माझ्या पायाशी ठेवलं आणि घरात गेली. बाहेर आली ती कलमदान घेऊन. चुलीपुढं बसून तिनं पेटी उघडली आणि एक-एक कलम गुडघ्यावर मोडून चुलीत घालायला लागली. उस्तादांची, त्यांच्या गुरूंची, सगळी. माझा नवरा घागर घेऊन येत होता. तो जागीच थांबला.

"खाला," तो म्हणाला, "ती मला दिल्ती."

ती म्हणाली, "तेंच्याच लिवण्यावर तेंचं पाणी तापलं पायजे."

माझं नाव घेतलं नाही. तिनं एक शब्द काढला असता तर मी तिथंच पाय धरले असते, सगळं ओकून टाकलं असतं. तिनं मला तेवढीही सोय दिली नाही. कलमं पेटली, आणि तो वास आला, उस्तादांच्या खोलीचा. वीस कलमांनी पाणी किती तापणार? कोमट झालं. त्याच कोमट पाण्यानं त्यांना अंघोळ घातली.

उस्तादांचा चाळिसावा दिवस झाल्यावर खाला तिच्या भावाकडं हैद्राबादेला गेली. काचेतला कागद घेऊन गेली. जाताना सासूबाईंचे हात हातात घेतले, माझ्या नवऱ्याच्या डोक्यावरून हात फिरवला आणि माझ्यासमोर आली. म्हणाली, "तुज्या भावाचं मी इसरले न्हाई. तूबी इसरू नको." मी मान खाली घातली. आजही मला कळत नाही की ती मला माफ करून गेली की माझ्या गळ्यात काही बांधून गेली. मी पत्र घालीन म्हटलं असतं, पण मला तेव्हा पत्र लिहिता येत नव्हतं, आणि येऊ लागलं तेव्हा काय लिहू?

माझ्या नवऱ्यानं उरलेल्या पाट्या लिहिल्या आणि मग बोरू हातात धरला नाही. कचेरीत कारकून झाला, टाकानं लिहायचा, अक्षर चारचौघांसारखं करून टाकलं. मुद्दाम केलं, मला ठाऊक आहे. त्यानं मनाशी पक्कं धरलं होतं की उस्तादांच्या पाट्यांवर पांढरा रंग मारला म्हणून खालानं त्याला शागीर्द म्हणून नाकारलं. पोरांनी कुणी चित्र काढायला घेतलं, कुणी शाळेत सुंदर अक्षराचं बक्षीस आणलं, की तो उठून बाहेर जायचा. मी शंभरदा तोंड उघडलं. सांगायचं तर भाऊ, जाहिरात, पाणी, सगळं सांगावं लागणार, आणि त्या पाण्यानं तोच न्हालेला. शेजारचं घर पुढं विकलं गेलं, पाडलं, तिथं दुसरी माणसं आली, त्यांचा रेडिओ लागायचा. तरी दुपारी मी भिंतीकडची बाजू सोडून बसायची.

त्याच्या शेवटच्या आजारात मीच त्याच्याजवळ असायची. त्याला बोलायला धाप लागायची. एके दिवशी जेवण भरवून मी त्याचं तोंड पुसत होते. तो म्हणाला, "खालानं कलमं का जाळली असतील गं? पाट्या पुसल्या म्हनूनच ना?"

एवढ्या वर्षांत त्यानं हे तोंडानं विचारलं नव्हतं. माझ्या हातात ओला पंचा होता. मी सगळं सांगायला तोंड उघडलं, आणि म्हणाले, "असंल."

त्यानं डोळे मिटले. म्हणाला, "मग बरोबरच केलं तिनं."